मीट पाय आणि क्रॉफिश पाय घरी करताना : पारी, सारण आणि तळण

बायूकाठचा
ह्यूस्टनहून आय-१० धरून पूर्वेला निघालं की बोमाँट मागे पडतं, लुइझियाना लागतं आणि पेट्रोल पंपांवरसुद्धा काचेच्या गरम पेटीत बुदाँ (भात-मांसाचं सॉसेज), क्रॅकलिन (डुकराची तळलेली कातडी) आणि अर्धचंद्राकृती मीट पाय, म्हणजे खिमा भरून तळलेले 'पाय' (pie), दिसायला लागतात. त्यांचाच भाऊ क्रॉफिश पाय, आत क्रॉफिश, म्हणजे गोड्या पाण्यातला कोलंबीसारखा जीव. लुइझियानातल्या फ्रेंच वंशाच्या कॅजन लोकांचे हे पाय घरी करणारी बरीच मंडळी इथे आहेत, म्हणून धागा काढतोय.

माझं मत आधी सांगून टाकतो, म्हणजे भांडायला सोयीचं. आपण मराठी लोक मीट पाय करायला घेतो आणि हटकून करंजी करतो. कडकडीत मोहन, पातळ पारी, कातण्याने कापलेली कड. लागते छान, पण तो मीट पाय नव्हे. लुइझियानातलं नॅकटिश गाव मीट पायसाठी प्रसिद्ध, तिथल्या पायची पारी जाडसर असते. बाहेरून कुरकुरीत, आतल्या अंगाला मऊ. मोडला तर तुकडा पडतो, भुगा होत नाही.

आता प्रश्न. तशी पारी यायला मैद्याला चरबी किती घालावी? अंडं हवंच का? क्रॉफिशचं सारण मुळात ओलसर असतं, ते तेलात बाहेर येऊ नये म्हणून काय करता? आणि ओव्हनमध्ये भाजले तर चालतात का, की तो शुद्ध अधर्म?

चिमूटभर_हिंग
म्हणजे खिम्याची करंजीच की! यंदा फराळाच्या ताटात चकलीशेजारी ठेवते, सासूबाईंना सांगते अमेरिकेत अशाच करतात. :)

तळणीचा_मोड
हिंगताई, सासूबाईंनी एक उचलली की काय होतं तेवढं इथे लिहा मात्र.

बायूकाठचा, पारीचं सांगतो. करंजीत गरम तूप मैद्याला चोळलं की ते पिठाच्या कणाकणावर बसतं, मग पाणी घातलं तरी चिवटपणा धरत नाही. खुसखुशीतपणा येतो तो त्यामुळे. ओव्हनमध्ये भाजायच्या पायमध्ये तर वजनाने ३ भाग मैदा, २ भाग लोणी, १ भाग पाणी असं ढोबळ प्रमाण असतं. ती पारी तेलात सोडली तर कढईत नुसता चुरा तरंगेल.

तळायच्या पायला चरबी त्याहून बरीच कमी लागते. मी २५० ग्रॅम मैद्याला ६० ग्रॅम लार्ड (डुकराची चरबी) घेतो. लार्ड नसेल तर क्रिस्को, म्हणजे डालड्यासारखं वनस्पती तूप. अर्धा चमचा बेकिंग पावडर, पाऊण चमचा मीठ. चरबी गार आणि घट्ट हवी, वितळवायची नाही. बोटांच्या टोकांनी मैद्यात चुरायची, जाड रव्यासारखं दिसलं की थांबायचं. मग एक अंडं फेटून घालायचं आणि गोळा होण्यापुरतं गार दूध, साधारण पाव ते एक-तृतीयांश कप. अंड्यामुळे पारी तेलात धरून राहते, दुधामुळे रंग येतो आणि तो मऊपणाही. कणकेसारखं तिंबत बसू नका. गोळा झाला की झाकून निदान अर्धा तास फ्रीजमध्ये.

लाटताना पाच इंचांची पारी, तीन मिलिमीटर जाड. पोळीवर हात बसलेल्यांना ही जाडी बघवत नाही, आणि मग पारी पातळ होत जाते. तिथेच करंजी होते.

शाकाहारी_पण_भांडखोर
नेहमीप्रमाणे आमच्यासाठी काही नाहीच. मशरूमचं केलं तर चालेल का? आणि अंड्याशिवाय?

तळणीचा_मोड
चालेल की. मशरूम अगदी बारीक चिरून मोठ्या आचेवर परतायचे, पाणी सुटून पूर्ण आटेपर्यंत. मशरूमचं पाणी सुटतच राहतं, त्यामुळे घाई केली तर पाय फुटणार. राजमा उकडून अर्धवट ठेचून घातला की अंग येतं. अंड्याऐवजी दोन चमचे घट्ट दही घालून बघा, पारी जरा ठिसूळ होते पण तळली जाते.

नकाशाघेऊन
पाककृती चालू द्या, पण धाग्याच्या सुरुवातीलाच नॅकटिशच्या पायला कॅजन म्हटलेलं बघून राहवत नाही. नॅकटिश वायव्य लुइझियानात आहे. कॅजन प्रदेश दक्षिणेला, लाफायेतच्या आजूबाजूला. १९७१ साली तिथल्या विधिमंडळाने २२ पॅरिशना (तिथले जिल्हे) मिळून अकेडियाना असं अधिकृत नाव दिलं, नॅकटिश त्यात नाही. नॅकटिश हे १७१४ मध्ये फ्रेंचांनी वसवलेलं गाव, म्हणजे कॅजन लोक लुइझियानात येण्याच्या पन्नास वर्षं आधीचं. केन नदीकाठची तिथली खाद्यपरंपरा क्रिओल: फ्रेंच, आफ्रिकन, स्पॅनिश आणि स्थानिक आदिवासी, सगळ्यांची मिळून. गावात पूर्वी कृष्णवर्णीय विक्रेते हे पाय रस्त्यावर हाका मारत विकायचे. १९६७ मध्ये जेम्स लासिओन यांनी त्यासाठी चक्क हॉटेल काढलं. २००३ पासून तो लुइझियानाचा अधिकृत 'राज्य मीट पाय' आहे.

तेव्हा क्रॉफिश पायला कॅजन म्हणा, हरकत नाही. मीट पायला म्हणताना जरा जपून.

चिमूटभर_हिंग
राज्य प्राणी, राज्य पक्षी ऐकलं होतं. राज्य मीट पाय! आपल्याकडे ठरवायला घेतलं तर मिसळीवरून कोल्हापूर, पुणे आणि नाशिक कोर्टात जातील.

बायूकाठचा
@नकाशाघेऊन, मान्य. ह्यूस्टनच्या दुकानांत सगळ्यावरच 'कॅजन' छापलेलं असतं, बटाट्याच्या चिप्ससुद्धा सुटत नाहीत.

मोंक्टनवासी
कॅजन लोकांचं मूळ जिथे, त्या बाजूला, कॅनडात मी राहतो, म्हणून थोडं अवांतर. १७५५ पासून ब्रिटिशांनी अकेडियन लोकांना नोव्हा स्कोशिया आणि आसपासच्या भागातून हाकलायला सुरुवात केली. घरं जाळली, माणसं जहाजांत भरली, कुटुंबंच्या कुटुंबं फुटली. त्यातले काही १७६० च्या दशकात लुइझियानात पोचले, तेच पुढे कॅजन. ग्रां-प्रे या त्यांच्या जुन्या गावाचा परिसर २०१२ पासून जागतिक वारसा यादीत आहे. जाऊन बघण्यासारखा आहे. समुद्राला बांध घालून त्यांनी केलेली शेतजमीन आजही पिकते.

इथे न्यू ब्रन्सविकमध्ये अकेडियन घरांत नाताळला मीट पाय होतोच. डुकराचं मांस, कधी कोंबडी किंवा ससा, कांदा, जरा लवंग. मिरची औषधालाही नाही. आमच्या शेजारच्या आजींनी आणून दिला तेव्हा बायकोने खाऊन हसतमुखाने आभार मानले आणि दार लावल्याबरोबर ठेच्याची बरणी काढली. म्हणजे तिखटाचा सगळा कारभार या लोकांनी दक्षिणेत गेल्यावर मांडला.

शाकाहारी_पण_भांडखोर
थोडक्यात, देश सोडल्यावर जेवण सुधारलं.

मोंक्टनवासी
माझ्या शेजारणीला हे भाषांतर करून सांगणार नाही.

मांडवीतीर
गोव्यातून एक भर. आमच्याकडे रिसॉइस करतात, नाताळला आणि लग्नाकार्यात. आकार तोच अर्धचंद्राचा, आत सुंगटां, म्हणजे तुमची कोलंबी, पांढऱ्या सॉसमध्ये घट्ट केलेली. पारीची तऱ्हा मात्र वेगळी. पाणी, लोणी, मीठ उकळायचं, त्यात मैदा एकदम ओतून उकड काढायची. कोमट असताना मळायची, लाटायची, भरायची. वरून अंड्यात बुडवून पावाचा चुरा लावून तळायची.

मुद्दा असा की उकडीची पारी तेलात सहसा फुटत नाही, कारण मैदा आधीच शिजलेला असतो आणि ती न चिरता ताणते. क्रॉफिशच्या ओल्या सारणाला ही पारी वापरून बघा. नॅकटिशच्या जवळच लोस आदाएस हे स्पॅनिशांचं ठाणं होतं, अठराव्या शतकात ती टेक्सासची राजधानीच होती. तिथे स्पॅनिश, इथे पोर्तुगीज. पुरण भरून दुमडायची खोड दोघांचीही, त्यामुळे मला तरी हे पाय आणि आमचे रिसॉइस दूरचे भाऊबंद वाटतात.

नकाशाघेऊन
लोस आदाएसचा उल्लेख मराठी पाककृतीच्या धाग्यावर! मांडवीतीर, माझ्याकडून एक डझन रिसॉइस.

कमीतेल_जास्तसुख
एअर फ्रायरमध्ये करा. वरून अंडं लावा, १९० अंशांना १२ मिनिटं, मध्ये एकदा उलटा. धागा इथेच संपला.

तळणीचा_मोड
आलात का! वड्यांच्या धाग्यावर हेच, अनारशांच्या धाग्यावर हेच.

गंभीरपणे सांगतो. कमी चरबीची पारी कोरड्या हवेत भाजली की तिची खारी न होता टोस्ट होतो. एअर फ्रायर किंवा ओव्हनमध्येच करायचे असतील तर चरबी वाढवा, २५० ग्रॅमला १२० ग्रॅमपर्यंत, आणि बेकिंग पावडर वगळा. मग ती भाजायची पारी झाली. अधर्म वगैरे काही नाही, फक्त दोन्हीकडे एकच पारी चालत नाही.

कमीतेल_जास्तसुख
अनारशांचं माझं मत अजूनही कायम आहे.

केवड्याचं_पान
लाफायेतला काही वर्षं काढली आहेत, त्यामुळे क्रॉफिशच्या सारणावर सविस्तर लिहिते.

पहिलं म्हणजे पिशवी. सोललेल्या, उकडलेल्या शेपट्यांची एक पौंडाची पिशवी मिळते. मागे लेबल वाचून लुइझियानाचीच घ्या. आयात केलेल्या स्वस्त पिशव्यांत शेपट्या धुऊन काढलेल्या असतात. स्थानिक पिशवीत शेपट्यांना पिवळसर केशरी असा लगदा चिकटलेला असतो. तिथे त्याला 'फॅट' म्हणतात. सगळी चव तिथे असते. पिशवी रिकामी झाली की पाव वाटी पाणी घालून खळबळायचं आणि तेही सारणात ओतायचं. माझी शेजारीण ती पिशवी कात्रीने उभी चिरून चमच्याने निपटून घ्यायची, आणि कुणी तशीच फेकली तर चेहरा पाडून बसायची.

पाव कप लोण्यात कांदा, सेलरी, ढोबळी मिरची परता. ही तिथली 'होली ट्रिनिटी'. पायसाठी तिन्ही अगदी बारीक हवेत, नाहीतर पारी दुमडताना टोचतात. चांगले मऊ पडले की लसूण, मग पाव कप मैदा, आणि बदामी होईपर्यंत परतणं. हा लोण्यात भाजलेला मैदा म्हणजे रू. इथेच बरेच जण गंबोच्या (तिथला पातळ रस्सा) आठवणीने रू काळपट करत नेतात. पायला ते नको. मैदा जितका जास्त भाजाल तितकी त्याची घट्ट करायची ताकद कमी होते. गंबो पातळच असतो, तिथे चालतं. पायमध्ये सारण धरायला फिकाच रू लागतो.

मग पिशवीचं पाणी आणि लागला तर थोडा स्टॉक. पळीने ओढल्यावर कढईचा तळ दिसला पाहिजे आणि सारणाने परत जागा भरायला वेळ घेतला पाहिजे. तेवढं घट्ट झालं की मगच शेपट्या, पातीचा कांदा, केयेन (तिखट लाल मिरचीची पूड) घालून दोन मिनिटांत गॅस बंद. शेपट्या आधीच उकडलेल्या असतात, जास्त शिजवल्या की रबर.

आणि फ्रीज! सारण थाळ्यात पसरून रात्रभर. गार झालं की लोणी गोठतं, पिठाने धरलेला रस्सा थिजतो, चमच्याने वड्या उचलाव्यात तसं उचलता येतं. कोमट सारण भरलं की पारीतली चरबी आतून वितळते, कड सुटते. फुटणाऱ्या पायचं कारण बहुतेक वेळा पारीत नसून इथे असतं.

बायूकाठचा
@केवड्याचं_पान, हे छापून फ्रीजवर लावतोय. मीट पायच्या सारणालाही रू लागतो का?

केवड्याचं_पान
नाही. बीफ आणि पोर्क खिमा निम्मा-निम्मा, कांदा, ढोबळी, लसूण. खिमा परतून सुटलेली जास्तीची चरबी काढून टाकायची, मग एक किलोला साधारण एक-तृतीयांश कप मैदा वरून भुरभुरवायचा. उरलेला रस तो मैदा पितो. बारीक चिरलेली पात शेवटी. मसाला कढईत चाखताना जरा जास्त वाटला पाहिजे, कारण जाड पारीबरोबर तो मवाळ लागतो.

मात्र हिरव्या डब्यातला टोनी सॅशरीचा मसाला वापरत असाल तर त्यात पहिला घटक मीठ आहे. वेगळं मीठ घालायच्या आधी चाखा.

कोथरूडकर_आजी
पुण्यात क्रॉफिश नाही, लार्ड नाही, सेलरीची जुडी मिळते ती कधी कोमेजलेली. आणि आमच्याकडे बीफ-पोर्क दोन्ही चालत नाही. मटणाचा खिमा घेतला तर? केयेनला काय घेऊ?

तळणीचा_मोड
आजी, मटण खिमा चांगला होतो, पण बोकडाची चरबी गार झाली की टाळूला चिकटते. त्यामुळे पाय गरमच वाढा आणि खिमा घेताना खाटकाला चरबी कमी घाल म्हणून सांगा. लार्डऐवजी फ्रीजमधलं घट्ट लोणी किंवा गोठलेलं तूप चालेल, वितळवू नका.

केयेन म्हणजे शेवटी साधं लाल तिखटच. रंगाला बेडगी, झणक्याला थोडी लवंगी. पण त्याबरोबर काळी आणि पांढरी मिरपूडही घाला. लाल, काळी, पांढरी अशी तिन्ही मिरची एकत्र वापरणं ही लुइझियानाचे प्रसिद्ध शेफ पॉल प्रुडोम यांच्या स्वयंपाकाची खूण. तिखट जिभेच्या टोकावर, घशात, ओठांवर वेगवेगळं जाणवतं. गरम मसाल्याचा हात मात्र आवरा, नाहीतर सगळं परत आपल्या गल्लीत येईल.

मांडवीतीर
आजी, क्रॉफिशच्या जागी लहान कोलंबी घ्या. सोलल्यावर डोकी आणि साली टाकू नका. लोण्यात लालसर परतून, पाणी घालून उकळून गाळा. क्रॉफिशच्या त्या 'फॅट'ची उणीव बरीच भरून निघते. सेलरी नसेल तर तिचे देठ-पानं विसरा, पातीच्या कांद्याचा पांढरा भाग वाढवा.

कोथरूडकर_आजी
डोक्यांचा रस्सा आम्ही कालवणात घालतोच. तुम्ही मुलं काहीतरी नवीन सांगाल म्हणून वाचत होते. :) बरं, कड कशी बंद करायची? मुरड घालू का?

केवड्याचं_पान
मुरड सुरेख दिसेल, पण जाड पारीची मुरड आत कच्ची राहते. कडेला पाण्याचं किंवा अंड्याच्या पांढऱ्याचं बोट फिरवा, दुमडा, सारणाभोवतीची हवा हाताने दाबून बाहेर काढा, मग काट्याने कड दाबा. हवा राहिली की तेलात फुगून फुटते. एका पायला दोन मोठे चमचे सारण पुरे. भरलेले पायही तळायच्या आधी अर्धा तास गार करा.

नकाशाघेऊन
क्रॉफिशबद्दल सांगायचं राहिलं. लुइझियानात हे बरेचसे भातखाचरांत वाढवतात. उन्हाळ्याच्या शेवटी भात कापला की शरदात खाचरात पाणी सोडतात, जमिनीत बिळं करून बसलेले क्रॉफिश वर येतात, आणि हिवाळ्यापासून मे-जूनपर्यंत पिंजरे लावून काढतात. एकाच शेतात भात आणि मग त्याच्याबरोबर खायचं कालवण. २०२३ च्या दुष्काळात जमिनी इतक्या तडकल्या की बिळांतच बरेच मेले आणि २०२४ च्या सुरुवातीला भाव आभाळाला टेकले.

बायूकाठचा
तेव्हा ह्यूस्टनमध्येही हाहाकार होता. इथली व्हिएतनामी हॉटेलं क्रॉफिश उकळून वरून लसूण-लोण्यात घोळवून देतात, हा व्हिएत-कॅजन प्रकार मूळच्यापेक्षाही मला आवडतो. १९७५ नंतर आलेल्या व्हिएतनामी लोकांनी मेक्सिकोच्या आखाताच्या किनाऱ्यावर कोळंबीच्या बोटी चालवल्या, त्यांच्या पुढच्या पिढीने हा पदार्थ ह्यूस्टनमध्ये नावारूपाला आणला. त्याच लसूण-लोण्याचं सारण केलं तर कसं लागेल, हा किडा डोक्यात आहे.

शाकाहारी_पण_भांडखोर
मशरूममध्ये लसूण-लोणी. तुमच्याआधी मी करणार.

बायूकाठचा
करा आणि फोटो टाका. सगळं वाचून माझ्यापुरतं असं ठरलंय: मीट पायला तळणीचा_मोड यांची अंडं-दुधाची पारी, क्रॉफिशला ती एकदा आणि मांडवीतीर यांची उकडीची एकदा, दोन्ही शेजारी तळून. सारण आदल्या रात्रीच. तेलाचं तापमान किती ठेवता? सारण आधीच शिजलेलं असतं, त्यामुळे मला अंदाज येत नाही.

तळणीचा_मोड
१७५ ते १८० अंश सेल्सियस, तुमच्या भाषेत ३५० फॅरनहाइट. करंजीपेक्षा तेल जास्त तापलेलं हवं. मंद तेलात ही पारी तेल पीत बसते. एका वेळी तीन-चारच सोडा. भरून, कच्चेच ट्रेवर सुटे गोठवून पिशवीत ठेवता येतात. गोठलेला पाय वितळू न देता थेट तेलात, पण आच थोडी उतरवून, म्हणजे आतपर्यंत तापेल. वितळू दिला की पारी ओली होऊन चिकटते.

चिमूटभर_हिंग
धागा वर काढते. मंडळाच्या पॉटलकला न्यायचेत. घरून तळून नेले तर मऊ पडतील ना? हॉलमध्ये फक्त ओव्हन आहे.

केवड्याचं_पान
तळल्यावर कागदावर रचू नका, जाळीवर सुटे ठेवा. खालून वाफ निघाली पाहिजे. पूर्ण निवल्यावर खोक्यात, झाकण किलकिलं ठेवून न्या. फॉइलमध्ये गरम गरम गुंडाळले तर तिथे पोचेपर्यंत दिंडं होतील. हॉलमध्ये ३५० फॅरनहाइटला दहा मिनिटं, तीही जाळीवरच. क्रॉफिशचे मात्र घरी निवले की फ्रीजमध्ये आणि कूलरमधूनच न्या, दिवसभर गाडीत ठेवू नका. आणि कोणते कशाचे ते चिठ्ठी लावून लिहा, शेलफिशची ॲलर्जी असणारं कुणीतरी निघतंच.

कमीतेल_जास्तसुख
हॉलमध्ये एअर फ्रायर घेऊन येऊ का? माझ्या डिकीतच असतो.